शनिवारी आम्ही वर गेलो

सोमवार, ४ ऑगस्ट
सदतिसावा झगा झाला! सुईनं बोटांची चाळण झालीय, पण मन कसं भरून आलंय. शनिवारी बाबा सिमुकोंडा आम्हा पंथातल्या सगळ्यांना गावाबाहेरच्या टेकडीएवढ्या वारुळावरून सदेह स्वर्गात नेणार. धाकटी बहीण न्कांडू फिदीफिदी हसली – "अगं, वर जायचंय तर खिसे कशाला शिवतेस?" कशाला म्हणजे! रुमाल कुठं ठेवायचा?

गुरुवार, ७ ऑगस्ट
शिवणयंत्र न्कांडूला देऊन टाकलं. ती रडली. मी नाही.

नवरा गेल्यापासून चार वर्षं एकटीनं मक्याची न्शिमा गिळली. आता रोज छत्तीस जण सोबत जेवतात, गातात! बाबा पूर्वी कासामाच्या बस स्टँडवर रेडिओ दुरुस्त करायचे. पण बोलायला लागले की वाटतं, हा माणूस फक्त माझ्याशीच बोलतोय.

शनिवार, ९ ऑगस्ट
गेलो वर!!

सकाळपासून वारुळावर उभे. ऊन चढलं, गाऊन गाऊन घसे बसले, दुपार झाली – काहीच नाही. बाबा घामानं निथळत होते. मग एकदम ओरडले, "जाऊन आलो! इतक्या झटकन, की तुम्हाला कळलंसुद्धा नाही!"

मग कांग्वा आजोबा – "तरीच! माझ्या पोटात गोळा आला होता!" कुणाचे कान बंद झाले होते. मलाही आठवलं – पाय अधांतरीच होते की माझे! काय नाचलो!

रविवार, १० ऑगस्ट
न्कांडू म्हणे, "मी खालीच उभी होते. कुणी हललंही नाही." म्हटलं, "खालून कसं दिसणार?"

मंगळवार, १२ ऑगस्ट
बाबा एकटेच घरी आले. हातात पिशवी. "चिलेशेताई, मी थाप मारली हो. कुणी कुठं गेलं नाही. मी गावी चाललोय, बायकोकडे. तुम्हीच सांगा सगळ्यांना."

माझं डोकंच फिरलं. "तुम्ही नसाल गेलात! आम्ही गेलो होतो. माझा नवरा भेटला मला तिथं – तो काय खोटा?"

बोलून गेले, आणि मग खरंच आठवला. निळ्या शर्टात. हसत होता.

बुधवार, १३ ऑगस्ट
बाबांना बसमधून उतरवून आणलं आणि पंथातून काढून टाकलं. श्रद्धा कमी पडली म्हणून. एकमतानं – बिचाऱ्यांनी स्वतःसुद्धा हात वर केला!

मग सगळे माझ्याकडे बघायला लागले. "आई, आता?"

म्हटलं, "पुढच्या खेपेला मुक्कामालाच जाऊ."

काय टाळ्या पडल्या!