बारा तारखेची सही

नागपूर, २४ जुलै १९७८

ती. बापूजींस, शरच्चंद्रचा शि. सा. न. वि. वि.

आमच्या शामलीच्या पायाचं दुसरं प्लास्टर परवा मेडिकल कॉलेजच्या दवाखान्यात बदललं. दर पंधरवड्याला बदलत राहिलं तरच जन्मापासूनचं वाकडं पाऊल सरळ होईल, असं डॉक्टरांनी बजावलं आहे. म्हणून तर दवाखान्यापासून लांब, पार सिरोंच्याला झालेली बदली रोखायला हायकोर्टात गेलो आणि तेरा तारखेला स्थगिती मिळाली. तरी ऑफिसातले साहेब मला कामावर घेत नाहीत. म्हणतात, स्थगितीच्या आदल्या दिवशी, बारालाच तुम्हाला कार्यमुक्त केलं, तुम्ही रजेवर होतात म्हणून कागद गावच्या पत्त्यावर दिला आणि त्यावर वडिलांची बारा तारखेची सही आहे. आमचे वकील वामनराव यांनी कोर्टाच्या अवमानाचा अर्ज लावला आहे, पण ती तारीख खरी निघाली तर अर्ज तिथेच आपटणार. बापूजी, तो कागद घेऊन ऑफिसचा शिपाई बळीराम नेमका कधी आला होता? मला जेवण जात नाही. लगेच कळवा.

पाठीवर हात असू द्यावा.
आपला, शरद

बोरखेडी, ता. नरखेड, २७ जुलै

चि. शरदास अनेक आशीर्वाद.

तुझं अक्षर अजून कोंबडीच्या पायांचंच आहे. बळीराम शुक्रवारी, म्हणजे चौदाला आला. मी बाजारातून वांगी घेऊन नुकताच परतलो होतो. त्याला चहा दिला. तो रडकुंडीला येऊन म्हणाला, की वाटेत दोन दिवस तापानं पडलो, मास्तर, बाराची तारीख टाकून द्या गा, नाही तं साहेब मले घरी बसवते. तीन पोरी आहेत म्हणाला. मला दया आली. चष्मा लावून झोकात सही केली आणि खाली बारा तारीख घातली. त्यात तुझी मान अडकेल हे सुचलंच नाही रे. रागाव, पण बोलणं टाकू नकोस.

तुझा बापूजी

नागपूर, ३१ जुलै

ती. बापूजींस सा. न. वि. वि.

रागावलो नाही, घाबरलो आहे. ऑफिसात चौकशी केली, बळीरामला तापबिप नव्हता. स्थगिती आल्यावर साहेबांनीच त्याला मागची तारीख आणायला पाठवलं. वामनराव म्हणतात, तुम्ही प्रतिज्ञापत्रावर खरा दिवस सांगितलात तर साहेबांना कोर्टात जाब द्यावा लागेल. पण आज साहेबांच्या हाताखालच्या बाबूने मला ऑफिसच्या जिन्यात गाठलं. मास्तरांनी तोंड उघडलं तर सरकारी कागदावर खोटी तारीख घातली म्हणून त्यांनाच आत टाकू, पेन्शनही थांबवू, असं म्हणाला. तुम्ही येऊ नका. तुमची सून गोपिकाही हेच म्हणते. आम्ही सिरोंच्याला जातो. शामलीच्या पायाचं पुढे बघू.

जपून राहा, एवढंच मागणं.
आपला, शरद

बोरखेडी, ३ ऑगस्ट

चि. शरदास आशीर्वाद.

वरची तारीख कॅलेंडरात दोनदा पाहून घातली आहे.

भीती मलाही वाटते. पण वामनरावांना कळव, मी सोमवारी पहिल्या एसटीने येतो. बळीरामला पत्र टाकलं आहे, की तुझं नाव मला घ्यावं लागेल. त्याच्या पोरी डोळ्यांसमोरून हलत नाहीत. त्याने अजून उत्तर दिलेलं नाही.

एकतीस वर्षं मी पोरांच्या पाटीवर आधी तारीख तपासली आणि चुकली तर छडी दिली. आता माझी पाळी आहे. मला आत टाकलंच, तर रडारड करू नका. शामलीला एवढंच सांगा, की आजोबांना भेटायला चालत यायचं आहे.

माया आहेच, ती राहू दे.
तुझा बापूजी