ताईच्या डब्यांची तपासणी

२ जून, रविवार

ताईने आज आंब्याच्या गराचे चार डबे आणून आमच्या फ्रीजरमध्ये ठेवले. तिच्या फ्रीजरचं दार नीट लागत नाही. ठेवताना प्रत्येक डब्यावरून हात फिरवला. मला हसू आलं, दाबलं.

नोंद असावी म्हणून लिहितो. भाऊजींनी घर बांधलं तेव्हा अंगणात एक कोय पुरली होती. तिचं झालेलं झाड मे महिन्यात रस्तारुंदीत गेलं. भाऊजी तेव्हा हॉस्पिटलात, घशाच्या ऑपरेशननंतर नाकातल्या नळीवर. झाड पडायच्या आदल्या आठवड्यात ताईने होते नव्हते तेवढे आंबे उतरवले, पिकवले, गर काढला. स्वतः चमचाभरही चाखला नाही. नळी निघाली की आधी काहीतरी थंड आणि मऊ द्या, असं डॉक्टर म्हणालेत. तो पहिला घास त्यांच्याच झाडाचा असावा, एवढंच ताईच्या मनात आहे.

मी तिथल्या तिथे जाहीर केलं की आंबा-आइस्क्रीम मी करणार. ग्लासात एक थर आइस्क्रीम, एक थर गर, परत तेच. झालं. गॅससुद्धा पेटवायचा नाही. ही म्हणाली, ते एक बरं आहे, पातेलं तरी वाचेल. मी लक्ष दिलं नाही.

जाताना ताई म्हणाली की तुझ्याकडे ठेवलेत, आता मला घोर नाही.

तसंही त्या झाडाचा आंबा मी कधी तोंडाला लावलेला नाही. कोयीवरचं झाड, फळ रेषाळ असणार. ताई दर वर्षी पिशवी भरून द्यायची, मी ती तशीच कारखान्यात नेऊन वाटून टाकायचो. तेव्हा मोह वगैरेचा प्रश्न नाही. शिवाय आजपासून माझं गोड बंद. वजन फार झालंय.

५ जून, बुधवार

दुपारी वीज गेली होती, असं शेजारच्या आजोबांकडून कळलं. किती वेळ, ते त्यांना सांगता येईना. ते झोपले होते.

मी पहिल्या पाळीवरून चारला घरी येतो, ही बँकेतून सहाला. म्हणजे मधल्या वेळात निर्णय मलाच घ्यायचा. मी रंगाच्या कारखान्यात क्वालिटीला आहे. माल ताब्यात आला की नमुना तपासायचा, हे माझ्या हाडीमाशी खिळलंय. (कारखान्यात चाखायची सोय नाही, हा एक फरक.) पहिल्या डब्याच्या कडेने चमचाभर गर खरवडून घेतला.

माल उत्तम आहे.

६ जून, गुरुवार

कालचा नमुना वरचा होता. वरून चांगला आणि खाली बिघडलेला, असे डबे मी पैशाला पासरी पाहिलेत. आज तळाचा घेतला. तळापर्यंत जायचं म्हणजे मधलं काढावं लागतं, त्याला इलाज नाही.

हा आंबा आधी गोड लागतो, अगदी साधा गोड. गिळताना मागून आंबट येतं आणि ते गेल्यावर परत गोड. बाजारच्या आंब्यात हे नाही. इतकी वर्षं कारखान्यातल्या त्या पॅकिंगवाल्यांना मी हे फुकट खायला घातलं, आणि त्यांच्यातला एकही कधी बोलला नाही! माणसं फार आतल्या गाठीची.

९ जून, रविवार

हॉस्पिटलात गेलो होतो. भाऊजी वाळून काटकी झालेत. बोलायला बंदी आहे म्हणून पाटीवर लिहितात. मला बघून पाटीवर एकच शब्द लिहिला, आंबा, आणि पुढे प्रश्नचिन्ह. मी अंगठा वर केला. ते हसले. नळीमुळे अर्धंच हसू आलं.

त्यांचं मी खातोय, अशी भावना येताना वाटेत मनात येऊ लागली. खरं तर खात नाही, तपासतोय. पण मनाला कोण समजावणार? आणि मला वाईट वाटलं की भूक लागते, हे लहानपणापासूनचं आहे.

दोन चमचे. मोठे.

१२ जून, बुधवार

रंगीत तालीम केली. आयत्या वेळी फजिती नको. दुकानातून व्हॅनिला आणलं, पिशवीत घेऊन वाटेत मित्राशी जरा बोललो, घरी येईतो त्याचं दूध झालं होतं. तरी थर दिले. थर राहिले नाहीत. ग्लासात पिवळं, पांढरं आणि मधलं असं सगळं एकत्र फिरू लागलं. नमुना नापास. आमच्याकडे नापास माल नष्ट करतात, मी प्यायलो.

पहिला डबा संपला. तालमीसाठी तेवढा माल धरावाच लागतो. तीन पुष्कळ झाले. माणसं ती किती, आणि त्यात एक आजारी.

१५ जून, शनिवार

हिने विचारलं की फ्रीजरमध्ये चमचा का आहे. मी म्हटलं, गार चमच्याने गर वितळत नाही. ही म्हणाली, वितळत नाही ते ठीक, पण कमी होतोय का? बायकांचा स्वभावच संशयी असतो.

२० जून, गुरुवार

दुसरा डबा कधी संपला ते कळलं नाही. खरंच कळलं नाही. झाकण उघडलं तर आतून तळ माझ्याकडे बघत होता.

खूप अपराधी वाटलं. पण नुसतं अपराधी वाटून घेणं हा आळशीपणा आहे, माणसाने काहीतरी करावं. घरात लाल भोपळा होता. तो उकडला, मिक्सरमधून काढला. शेड फिकी आली. हळद घातली, तर हिरवट झाली. कणभर तिखट टाकलं आणि नेमकी उतरली. शेड जुळवणं माझं पोटापाण्याचं काम आहे, पण इतकी हुबेहूब मी कारखान्यातही कधी काढली नव्हती. दोन्ही रिकामे डबे भरून गोठायला ठेवले. यात फसवणूक नाही. हे फक्त बघायसाठी आहे. खायची वेळ येईल तेव्हा खरे दोन आहेतच.

आता त्या दोघांना हात लावणार नाही. शपथ.

२३ जून, रविवार

ताई आली होती. भाऊजींची नळी निघाली, घरी आणलंय. अजून पातळ पेजेवर आहेत, त्यातलीही निम्मी बाहेर येते. सात जुलैला आंबा द्यायचं ठरलंय.

एकदा डबे बघते म्हणाली. तिने फ्रीजर उघडला, ओळीने चार डबे बघितले, झाकणावरचं बर्फ पदराने पुसलं. ते भोपळ्याचं झाकण होतं. मग माझा हात धरून म्हणाली की झाड डोळ्यांदेखत पाडलं, तेव्हा वाटलं सगळं गेलं. तू होतास म्हणून एवढं तरी राहिलं. तिचे डोळे भरले होते. माझेही भरले. तिला वाटलं, भावाची माया. माया होतीच, पण नुसती माया नव्हती.

लाज वाटली. इतकी की रात्रीचं जेवण गेलं नाही. म्हणजे पोळ्या गेल्या नाहीत.

तिसऱ्या डब्यात आता पाऊण आहे.

२९ जून, शनिवार

सगळं व्यवस्थित लिहून ठेवतो, म्हणजे पुढे माझ्यावर अन्याय होणार नाही. कारखान्यात साहेबांनी सगळ्यांसमोर माझा रिपोर्ट परत केला. घरी आलो तर कोणी नाही. माणसाला बोलायला कोणीतरी लागतं. तिसरा डबा त्यात गेला. चौथ्यातला अर्धा उरला, आणि अर्ध्या डब्यात थर दिसेल असा गर होत नाही. जे पुरणार नाही ते ठेवून उपयोग काय?

काही नाही. खाल्ला. चारही डबे मी खाल्ले.

१ जुलै, सोमवार

हंगाम संपलाय. मंडई पालथी घातली, फळवाल्याने मला अननस दाखवला. शेवटी किराणा दुकानातून गराचे दोन टिन आणले. गुळगुळीत, नुसता गोड, मागून काही येतच नाही. लिंबू पिळून पाहिलं. लिंबाचं आंबट समोरून येतं.

तेवढ्यात हिने भोपळा कुठे गेला म्हणून शोधाशोध सुरू केली. बर्फासाठी फ्रीजर उघडला, डबा काढला, बोट लावून चाटलं. मग झाकण दाबून लावलं आणि डबा होता तिथे परत ठेवला. ओरडली असती तर बरं झालं असतं. म्हणाली, ताईंना सांगून टाका. मी म्हटलं, सांगणारच आहे, सात तारीख एकदा नीट पार पडू दे. ही म्हणाली, नंतर सांगून काय उपयोग, सातला भाऊजींच्या पोटात काय जाणार आहे?

उद्या सांगतो.

४ जुलै, गुरुवार

ताईला फोन केला. तीच आधी म्हणाली की भाऊजी रोज सकाळी पाटीवर विचारतात, आज तारीख किती. मी म्हटलं, चार. एवढंच बोलणं झालं.

६ जुलै, शनिवार

वाक्य पाठ केलंय. ताई, माझ्याकडून एक चूक झाली. आरशासमोर म्हणून पाहिलं, चूक शब्द फार जड वाटतो. ताई, माझ्याकडून जरा गडबड झाली. हे बरं वाटतं. उद्या आत शिरता शिरता म्हणून टाकायचं, चपला काढायच्या आधी.

७ जुलै, रविवार

चपला काढल्या.

टिनमधला गर ताईच्या डब्यात भरून नेला होता. आइस्क्रीम बर्फात घालून नेलं, थर सरळ उभे राहिले. आयुष्यात पहिल्यांदा माझ्या हातून काही नीट झालं आणि ते हे. भाऊजी खुर्चीत उशांना टेकून बसले होते, नवा सदरा घातलेला. ताईने त्यांना चमचा भरवला. त्यांनी तोंडात धरला, हळूच गिळला. ठसका लागला नाही. ताईने माझ्याकडे बघितलं, तिचा चेहरा इतका आनंदी झालेला मी किती दिवसांत पाहिला नव्हता.

मग भाऊजी बोलले. आवाज चिरका, पण कळत होतं. म्हणाले की गार लागतंय, छान लागतंय, पण चव कळत नाही. उपचारांनी जीभच गेलीय. परत येईल की नाही, डॉक्टरही सांगत नाहीत. मग मला म्हणाले, तू खा आणि तू सांग. यंदाचा कसा निघालाय?

मी चमचा तोंडात घातला. टिनचा गुळगुळीत गोड. आणि मी सांगायला लागलो. आधी साधा गोड लागतो, म्हटलं. गिळताना मागून आंबट येतं, जिभेच्या कडांना. रेषा दातांत अडकतात, त्या चोखल्या की परत गोड. भाऊजींनी डोळे मिटले. म्हणाले, येतं ना आंबट शेवटी? तेच. तेच त्याचं. आणखी सांग. मी सांगत राहिलो, ते एकेक चमचा खात राहिले, ग्लास संपेपर्यंत. माझा आवाज दोनदा फुटला. त्यांना वाटलं असेल, आठवणीने.

ताई बाजूला बसून आपला ग्लास खात होती. मध्येच तिने चमचा ठेवला.

नंतर स्वयंपाकघरात ग्लास विसळताना, माझ्याकडे न बघता म्हणाली, माझ्या ग्लासात आंबट काहीच नव्हतं. रेषाही नव्हत्या. मी पाठ केलेलं वाक्य शोधत होतो, सापडेना. ती म्हणाली, बोलू नकोस. दर वर्षी पिशवी वाटून टाकायचास ते मला माहीत आहे. आज इतकं बरोबर सांगितलंस म्हणजे एकट्यानेच खाल्लास. सगळा?

मी मान डोलावली.

तिने विसळलेला ग्लास परत नळाखाली धरला. मग म्हणाली, नळी निघाल्यापासून आज पहिल्यांदा ते पोटभर जेवले. पुढच्या रविवारी यायचं. त्याच्या पुढच्याही. काय आणायचं ते आण, पण बसून त्यांना सांगायचं. त्या झाडाची शेवटची चव आता तुझ्याकडेच आहे.

येतो म्हटलं.

निघताना भाऊजींनी हाक मारली. म्हणाले, एक राहिलं. साल सोलताना देठापाशी वास यायचा, त्याचं पुढच्या वेळी सांग.

मला तो वास माहीत नाही. मी फक्त गर खाल्ला. ताईला विचारावं लागेल.