लेफ्तेरिस साहेबांचा शेवटचा सिनेमा

ढाणकी, मंगळवार

वामनरावभाऊंना नजीर बँडवाल्याचा सलाम आणि रामराम. इंदूवहिनींचे गुडघे कसे आहेत? बोरी अरबला पुतण्याच्या लग्नात मांडवाबाहेरून तुमची नवी चप्पल गेली, ती सापडली का? "माही चप्पल कोनं नेली बे?" ही तुमची आरोळी अजून कानात आहे. (मीही तुमच्यासोबत ट्रॅक्टरखाली वाकून शोधत होतो, दहा लोकांनी पाहिलंय.)

इकडे माझा जीव टांगणीला लागला आहे. त्याच लग्नातली माझी पाठवणीची धून आमच्या गझालानं मोबाइलवर घेऊन इंटरनेटवर टाकली आणि ती थेट ग्रीस देशातल्या एका म्हाताऱ्यानं ऐकली. लेफ्तेरिस साहेब, वय एक्क्याऐंशी, सिनेमाला संगीत देतात. सुरुवात माझ्यासारखीच, बेटावरच्या लग्नांत अकॉर्डियन वाजवून. मग साठेक सिनेमे, बक्षिसं, मानमरातब. आणि मग पोरगेले दिग्दर्शक कॉम्प्युटर घेऊन आले नि यांचा फोन वाजायचा थांबला. (आपल्याकडे डीजे आला, तसंच.) आता एक सिनेमा मिळालाय, बहुधा शेवटचा. त्यात एक म्हातारी बंदरावर मुलीची वाट बघते, तिथे त्यांना माझी क्लॅरिनेट हवी होती. भाऊ, यंदा मला वरातीची एकच सुपारी आहे. हे जमलं नाही तर क्लॅरिनेट पेटीत घालून पंक्चर काढायला बसायचं, असं मी ठरवून टाकलं होतं.

परवा सकाळी गझालानं लॅपटॉप मांडला, जैबुनबीनं कोंबड्या टोपलीखाली झाकल्या. पडद्यावर साहेब, चेहरा असा की कुणी हसायची हिंमत करू नये. मी क्लॅरिनेट तोंडाला लावली आणि श्वासच सापडेना. चाळीस वर्षं वरातीपुढे चालत वाजवलं, एका जागी उभं राहून कधी वाजवलंच नाही! पहिल्यांदा सूर फाटला. दुसऱ्यांदा निघालाच नाही. साहेबांनी घड्याळ पाहिलं. गझाला रडकुंडीला आली. "मियां, हमेशा के माफिक चलते चलते बजाओ ना!" जैबुनबी खेकसली. मी पायात चपला सरकवल्या, डोळे मिटले आणि अंगणात फेऱ्या मारत वाजवत सुटलो. थांबलो तेव्हा पडद्यावर साहेब डोळे पुसत होते.

काल निरोप आला. पसंत आहे, गुरुवारी पुन्हा एकदा घेऊ म्हणतात. वहिनींना सलाम.

तुमचा नजीर

ता. क. पसंत पडली ती क्लॅरिनेट नव्हे. ती त्यांनी काढून टाकली, ठेवली फक्त चपलांची करकर. म्हातारी बंदरावर येरझाऱ्या घालते, तिथे ती वाजणार. काल मी जेवलो नाही, फार लागलं मनाला. मग साहेबांनी गझालाला सांगितलं, त्यांच्या पहिल्या सिनेमातही दिग्दर्शकानं सगळी धून फेकून अकॉर्डियनच्या भात्याचा नुसता श्वास ठेवला होता. पुढचे साठ सिनेमे त्या श्वासावर मिळाले.

ता. ता. क. चपला तुमच्याच आहेत. पंगतीतून उठताना घाईत माझ्या पायात आल्या, आणि करकर ऐकू जाऊ नये म्हणून मी ट्रॅक्टरभोवती चवड्यांवर चालत होतो. गुरुवारपर्यंत मागू नका. शिवाय सिनेमाच्या शेवटी नावं येतात, तिथे कुणाचं घालू, असं साहेब विचारतात. चपला तुमच्या खऱ्या, भाऊ, पण चाललो मी. माझं घालू द्याल?