चार मुंगसांचा कॅप्टन

५ नोव्हेंबर, सकाळी

आजपासून 'असुरगड' गेममध्ये सुवर्ण गरुडाचा इव्हेंट सुरू. त्यातला सर्वांत मोठा असुर रक्तासुर मेला की लूट टाकतो. त्या लुटीत क्वचित गरुडही पडतो, तो मग टीमच्या डोक्यावर उडत शीळ घालतो. मला माहीत असलेल्या एकाही टीमकडे तो अजून नाही.

स्टँडसमोरच्या टपरीवर बंटीने चार लोकांत मला धमकी दिली. म्हणाला, "पाह्य गोपाल, सोळा तारखेलोक गरुड नाही भेटला तं मी अन् देवीलाल वणीवाल्याईच्या टीममंदी चाललो. तुह्या कॅप्टनगिरीत आमाले निऱ्या चपला भेटल्या." देवीलाल बिस्कीट चहात बुडवत राहिला. हा माणूस गप्प बसला की समजायचं, त्याचंही तेच मत आहे.

चपला ही या गेममधली सर्वांत हलकी लूट, फुटकळ असुर मारले तरी पडणारी. ती मिळते यात कॅप्टनचा काय दोष? पण यांना सांगून उपयोग नाही. बंटी वायरिंगची कामं करतो, देवीलाल मोबाईलवर काचा चिकटवतो. विचार करायची सवय दोघांनाही नाही.

वणीवाले म्हणजे कोळशाच्या धुळीत वाढलेले पोट्टे. समोर दिसेल त्याला मारत सुटतात. मारणं आणि मिळवणं यातला फरक त्यांना कळत नाही.

भजी तशीच टाकून उठलो. टपरीचं तेल जुनं असणार.

५ नोव्हेंबर, संध्याकाळी

पात्रांचा अभ्यास केला. कामाची पात्रं चार. मल्ल मार देतो आणि मार खातो. तिरंदाज लांबून मारतो. वैदू जखमा भरतो. मुंगूस लूट वाढवतं. मुंगसाच्या अंगात ताकद नाही, पण ते टीममध्ये असलं की लूट तिसऱ्या हिश्श्याने वाढते.

एका मुंगसाने इतकी, तर चार मुंगसांनी किती? हे एवढं साधं गणित आजवर कोणाला सुचलं नाही. बारावीला गणिताच्या पेपरातून मी मध्येच उठलो ते येत नव्हतं म्हणून नाही. पर्यवेक्षकाची नजर मला आवडली नव्हती.

आमच्या वावरात कापूस वेचायला बाया कमी आल्या तर संध्याकाळी गाठोडी कमी. जास्त आल्या तर जास्त. वेचणारे वाढवा, माल वाढतो. शेतकऱ्याच्या घरात जन्मल्याचा हा फायदा. वणीवाल्यांना हे सात जन्मांत सुचणार नाही.

पात्राच्या माहितीखाली बारीक इंग्रजीत बरंच काही लिहिलेलं आहे. नियम आणि अटी असणार. त्या घाबरट लोक वाचतात.

६ नोव्हेंबर

टीमला निर्णय सांगितला. चौघांनीही मुंगूस घ्यायचं.

चौथी खेळाडू माझी बहीण खुशी. बारावीला आहे. तिच्या मोबाईलला नेट चांगलं येतं, एवढ्यावरच तिला टीममध्ये घेतलं आहे. तिचा मल्ल काढून घेतला तर म्हणाली, "दादा, मंग मारन कोन त्याले?" मी म्हणालो, ती चिंता कॅप्टनची.

बंटी म्हणाला, "बोंड फुटल्याबिगर कापूस निंगते काय बे? राक्षस मेल्याबिगर लूट कशी पडन?" उदाहरण माझंच, शेतीचं, आणि वापरतो कोण, तर ज्याच्या बापाचं किराणा दुकान आहे तो.

खेळलो. रक्तासुराने एकदाच पाय आपटला. चारही मुंगसं मेली.

नेटचा प्रॉब्लेम होता. खुशी कितीतरी वेळ हसत होती. पोरींना कशाचंही हसू येतं.

७ नोव्हेंबर

बंटीने ग्रुपवर 'लुट कूठे गेली कॅप्टन' असं लिहिलं. 'लू' दीर्घ पाहिजे, 'कु' ऱ्हस्व. मी दोन्ही दुरुस्त करून परत पाठवलं. मूळ प्रश्नाला उत्तर द्यायची गरज वाटली नाही.

नवीन डाव. मुंगसाला बीळ करून लपता येतं. तिघांनी लढायचं, मी बिळात थांबायचं. कॅप्टन जिवंत राहिला तर लूट उचलायला कोणीतरी उरेल.

तिघं मेले. मी उरलो. रक्तासुर बिळाच्या तोंडाशी येऊन उभा राहिला तो हललाच नाही. शेवटी वेळ संपला. याला हरणं म्हणत नाहीत. मला तर त्याने हातही लावला नाही.

देवीलालने आज पहिल्यांदा तोंड उघडलं. म्हणाला, "गोपालभाऊ, तुमी बिळातच बरे दिसता." कौतुक असावं.

९ नोव्हेंबर

आईने वावरात पिटाळलं. बाबांची कंबर धरली होती, म्हणून कापूस मोजायला मी. मला टीमचं टेन्शन, आणि आई म्हणते, "फोन खिशात ठेव अन् काट्याकडे पाह्य." बिळाची खोली किती असावी याचा विचार करता करता तानाबाईचं एकच गाठोडं मी दोनदा काट्याला लावलं. ती कमरेवर हात ठेवून म्हणाली, "काहून गा गोपाल, माह्या गाठोड्यात सोनं हाये काय, दोन-दोन डाव मोजून राह्यला?" बाया कमरेच्या कापसाच्या ओट्या सोडता सोडता हसत बसल्या. मजूर आता फार तोंड वर करून बोलतात.

पण माझी नजर बारीक. दोन बाया दिवसभर एका शब्दाने बोलल्या नव्हत्या, आणि सर्वांत मोठी गाठोडी त्यांचीच होती. तोंड बंद असलं की हात चालतात. आमची टीम कुठे चुकते ते इथे कळलं.

निश्चय: उद्यापासून खेळताना चौघांचेही माईक बंद. ज्याला बोलायचं असेल त्याने वणीला जावं.

१० नोव्हेंबर

माईक बंद ठेवून खेळलो. सुरुवातीला अपूर्व शांतता. मला माझे स्वतःचे विचार ऐकू येत होते. तेवढ्यात खुशी ओसरीतून धावत आली आणि माझा खांदा गदागदा हलवून ओरडली, "दादा, मांगं पाह्य, मांगं!" शिस्त मोडली म्हणून मी आधी तिला समज दिली. ती पूर्ण होईपर्यंत रक्तासुराने मला मागून चिरडलं होतं.

खुशीमुळे गेलो. तसं ग्रुपवर लिहिलं. बंटीने फक्त एक अंगठा पाठवला. अंगठा म्हणजे होकार. सोळा तारीख मुद्दाम आठवायची गरज नाही, ती आपोआप आठवते.

११ नोव्हेंबर

देवीलालने ते बारीक इंग्रजी वाचून घेतलं. त्याच्या दुकानात येणाऱ्या कोणा मास्तराकडून. टपरीवर सर्वांना ऐकू जाईल असं सांगितलं. कितीही मुंगसं घेतली तरी लूट एकाच मुंगसाची वाढते. ते मुंगूस असुर मरताना जिवंत पाहिजे, आणि बिळाबाहेर पाहिजे.

बंटी एवढा हसला की त्याच्या नाकातून चहा आला. टपरीवाला उकंडा, ज्याचा या गेमशी काही संबंध नाही, तोही हसला. म्हणाला, "चार मुंगसं पोसले अन् कामाचं एकच! भाऊ, तुमी निवडनुकीले उभे राहा."

मी म्हणालो, मला हे पहिल्या दिवसापासून माहीत होतं, तुमची निष्ठा तपासत होतो. सगळ्यांनी आपापले कप तोंडाला लावले. पटलं असावं.

१२ नोव्हेंबर

तिघांनी मला न विचारता पात्रं बदलली. खुशी मल्ल, बंटी तिरंदाज, देवीलाल वैदू. मी मुंगूसच राहिलो. तेवढा अनुभव दुसऱ्या कोणाला नाही.

खुशी रक्तासुराच्या अंगावर सरळ चालून गेली. देवीलाल तिच्या जखमा भरत होता, बंटी लांबून बाण सोडत होता. कसलाही डाव नाही, नुसता धसमुसळेपणा. तरी असुराचं रक्त कमी होत गेलं. बंटी माईकवर ओरडत होता, "गोप्या, भाईर ये, पन दूर राह्य! दूर राह्य बे!"

मी बाहेर आलो. लूट पडायच्या क्षणी कॅप्टनने जवळ असावं, म्हणून पुढे गेलो. असुर मेला. पण मरताना माझ्या अंगावर पडला, आणि नेमका त्याच्याआधी क्षणभर मी मेलो.

लुटीत चपला पडल्या.

बंटी मग म्हणाला, "आता काय बोलू तुले." वाक्य पूर्ण करायची ताकद नाही लोकांत.

एक गोष्ट मात्र नोंदवतो. या टीमने रक्तासुर पहिल्यांदा मारला, तो माझ्या कारकिर्दीत.

१३ नोव्हेंबर

तिघांनाही टीममधून मोकळं केलं. म्हणजे सकाळी उठून पाहिलं तर ते गेलेले होते. पण मी अडवलं नाही, हे महत्त्वाचं.

वणीला गेले नाहीत. नवीन टीम काढली. कॅप्टन खुशी! ज्या पोरीला तिची स्वतःची ओढणी सापडत नाही ती कॅप्टन. मी तिघांनाही मनातून माफ केलं आणि दुपारपर्यंत पांघरूण घेऊन पडलो. हवेत गारवा होता.

दुपारी त्यांचं आमंत्रण आलं. चौथी जागा रिकामी आहे. खुशीने लिहिलं होतं, 'दादा ये. मुंगूसच घे. फक्त सांगू तिथे उभा राहा.' म्हणजे माझ्याशिवाय भागत नाही.

लगेच स्वीकारलं तर किंमत राहत नाही. सोयरिकीतही पोरीकडचे पहिल्या निरोपाला हो म्हणत नाहीत.

१५ नोव्हेंबर

जेवताना खुशी म्हणाली, "दादा, दाब नं ते बटन. उद्या शेवटचा दिवस हाये." मी म्हणालो, विचार चालू आहे. आईला काय विषय आहे ते कळलं नाही, तरी मध्ये पडली, "काय दाबाचं हाये ते दाबून टाक नं बापा. पोरगी कालपासून म्हनून राह्यली." बाबा म्हणाले, "त्याले म्हना, आधी वरन वाढून घे, मंग विचार कर."

या घरात कोणत्याही गोष्टीचं गांभीर्य नाही.

उद्या अगदी शेवटी होकार देणार. पार निराश झालेले असतील. मी दिसलो की काय वाटेल त्यांना!

१६ नोव्हेंबर, संध्याकाळी ५

दाढी केली. मोबाईल पुसला. बटण दाबलं.

'टीममध्ये जागा शिल्लक नाही.'

नेट तपासलं. पुन्हा दाबलं. बंटीला फोन केला. तो म्हणाला, "अबे, किती वाट पाह्याची तुही? दुपारीच एक वणीचा पोट्टा घेतला. मुंगूसच घेते तो. पन भाईर निंगून राह्यते, अन् मरत नाही."

मी म्हणालो, बरं झालं, मला आज वेळच नव्हता.

१६ नोव्हेंबर, संध्याकाळी ६:३०

आतल्या खोलीतून खुशी किंचाळली. आईला वाटलं विंचू चावला. ती हातातलं लाटणं घेऊनच धावली. मग खुशीच्या फोनच्या स्पीकरवर बंटी, देवीलाल आणि तो वणीवाला, सगळे एकदम ओरडायला लागले. त्यांच्यावर गरुडाची शीळ. मी माझ्या खाटेवरून ऐकली. खास काही नाही.

गरुड मिळाला की त्याला नाव द्यावं लागतं. खुशी विचारत होती, काय ठेवू? बंटी म्हणाला, "कॅप्टन ठेव. लढत तं काईच नाही, वरतून निरा बोंबलते." सगळे हसले. खुशीही हसली. आवाज ओळखीचा आहे, चुकणार नाही.

थोड्या वेळाने ती दारात आली. मी भिंतीकडे तोंड करून होतो. म्हणाली, "दादा, झोपला? खरंच ठेवलं रे ते नाव. तुले राग आला असन तं बदलून टाकतो. आत्ता बदलता येते, मंग नाही येत."

मी म्हणालो, नको. राहू दे.