सोमद्वीपाचा दिवस

१ नोव्हेंबर, दुपारी
आजपासून सूर्य बंद. माझ्या कादंबरीतल्या सोमद्वीपावर सूर्य नाहीच, फक्त चंद्र. तो उगवला की दिवस सुरू, पुन्हा उगवला की दुसरा दिवस. पाच वर्षं ही पद्धत कागदावर पडून आहे. आता मी स्वतः ती जगणार. पहिलं प्रकरण या महिन्यात नक्की.
बायकोची, लतिकाची, बँकेने पुण्याला बदली केली. जायच्या दिवसापर्यंत ती आमच्या अबोलीला घेऊन धरमपेठेत माहेरी राहणार. निघताना म्हणाली, रोज संध्याकाळी सुटते त्या गाडीची, तीस तारखेची तीन तिकिटं आहेत. बॅग घेऊन आलास तर तिघं जाऊ, नाही तर पुन्हा बोलावणार नाही. आठवणही करून देणार नाही. बँकेतल्या लोकांना असं बोलायची सवयच असते. जायचं आहेच मला. माझ्याशिवाय हिचं तिथे काय होणार?

चंद्रदिन २ (म्हणजे २ नोव्हेंबर)
चंद्र रोज पाऊण-एक तास उशिरा उगवतो. म्हणून सीताबर्डीला जाऊन अलार्मचं घड्याळ तेवढं स्लो करून घेतलं. घड्याळवाला म्हणाला, लोक दुरुस्त कराले येतात, तुम्ही बिघडवाले आले. सामान्य माणूस.
फोन बंद करून ड्रॉवरमध्ये टाकला. भिंतीवरचं कॅलेंडर उतरवलं. पेपर बंद, त्यात तारीख असते. एक चंद्रोदय, एक तारीख. हिशेब सोपा आहे.

चंद्रदिन ९ (९ नोव्हेंबर)
सगळ्यांपेक्षा माझा दिवस मोठा. रोज तासभर फुकट. लोकांना वेळ पुरत नाही आणि मला उरतो. उरलेल्या वेळात झोपलो.

चंद्रदिन १५ (१५ नोव्हेंबर)
सासरे अबोलीला सोडून गेले. पोर पूर्ण दुपार माझ्याकडे होती. तिला पद्धत समजावली. आठ वर्षांची पोर, पण लक्ष देऊन ऐकलं, बोटांवर काहीतरी मोजलं. मग विचारलं, बाबा, तुमचा दिवस मोठा असेल तर तुम्ही मागे नाही का पडणार? हसू आलं. म्हटलं, बेटा, तुझा बाबा काळाच्या पुढे आहे. तिने पुन्हा बोटं मोजली. गणितात आईवर गेली आहे, काय करणार.
जाताना म्हणाली, खिडकीची जागा तुमच्यासाठी ठेवते. तिला न्यायला आलेली लतिका फाटकाबाहेर रिक्षातच बसून होती. आत आली नाही. अहंकार.

चंद्रदिन २२ (२२ नोव्हेंबर)
अमावास्या होऊन गेली. सकाळी झोप, रात्री जाग, की उलटं, आता लक्षात राहत नाही. हीच ती समाधी. पहिलं प्रकरण मनात तयार आहे. फक्त लिहायचं आहे.
ठरवलं: पुण्याला गेल्यावर लतिकाला माफ करायचं. लगेच नाही.

चंद्रदिन २९ (२९ नोव्हेंबर)
नुकताच उठलो तर दारावर धडाधड. शेजारचे नत्थूजी. विहंगभाऊ, आज... एवढं म्हणाले तोच मी हात वर करून थांबवलं. यांना महिनाभर सांगतोय की सोमद्वीपावर दुसऱ्याला तारीख सांगणं हा अपमान समजतात. ते म्हणे, अबोलीचा फोन आल्ता गा, ऐका तर खरं. मी म्हटलं, उद्या भेटणारच आहे तिला. ते म्हणे, अवो पण उद्या... मी दार लावून घेतलं.  काहून या माणसाच्या नादी लागलो, असं काहीतरी पुटपुटत ते गेले.
बॅग भरली. इस्त्रीचा शर्ट वर ठेवला. उद्या लतिकाचा चेहरा बघायचा आहे.

चंद्रदिन ३० (३० नोव्हेंबर)
उठल्याबरोबर स्टेशन. गाडीच्या दोन तास आधी. आयुष्यात पहिल्यांदा. लतिकाला हे दिसायला हवं होतं.
त्या दोघी नाहीत. गाडी आली. सगळे डबे पाहिले, खिडकीच्या जागांवर भलतेच लोक. गाडी गेली. म्हणजे ऐन वेळी हिचाच धीर सुटला. मला वेळेचं भान नाही म्हणणारी स्वतः चुकली. रिक्षात बसून ठरवलं, जास्त बोलायचं नाही. नुसतं बघायचं.

१ डिसेंबर, घरी आल्यावर
नत्थूजी फाटकाशीच होते. गाडी काल गेली.
त्यांनी सगळं सांगितलं, मी विचारलं नव्हतं तरी. त्यांना राहवलं नाही म्हणून काल ते स्वतःच स्टेशनवर गेले होते. अबोली गाडीत खिडकीची जागा धरून बसली होती, कोणाला बसू देत नव्हती. आईला म्हणत होती, बाबांकडे आज एकोणतीस आहे, बाबा उद्या येतील, आपण उद्या जाऊ. नत्थूजी म्हणाले, पोरगी बोटावर मोजून दाखवून राहिली होती.
मी विचारलं, मग लतिका काय म्हणाली.
ते म्हणे, वहिनी म्हणाली, मले माहीत आहे बेटा. मी पण मोजलं होतं.
नत्थूजींनी जेवायला बोलावलं. भूक नाही म्हटलं.
बाकी पद्धत अचूक निघाली. आठ वर्षांच्या पोरीलाही जमली.