गुरे, छावणी, क्रमांक सात

दि. १४ मे २०१९, मंगळवार. आज टँकर आला नाही. सकाळपासून तीनदा लिहायला बसले आणि तीनदा उठले. दुपारी माणिकराव कंपाउंडर आणि शेजारच्या केशरबाई साक्षीला आल्या, म्हणून आता पुरे करते.

मी, कौशल्या भगवानराव ओव्हाळ, वय ६४, निवृत्त प्राथमिक शिक्षिका, रा. चकलांबा, ता. गेवराई, हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीत, कोणाच्याही सांगण्यावरून नव्हे, स्वतःच्या हाताने लिहिते. माझे पती डिसेंबरात वारले. आम्हाला मूल नाही.

१. राहते घर व दूध संस्थेचे शेअर दीर शहादेव यांना. "दादानं जन्म पारध्यांच्या पालावर घालवला," असे ते मयताच्या दिवशी चारचौघांत म्हणाले. मी विसरलेले नाही. तरी घर त्यांनाच.

२. कॅमेरा त्यांना देऊ नये. २०१३ च्या दुष्काळात संस्थेच्या चारा छावणीतील जनावरांचे शूटिंग सरकारला करून द्यावे लागे, त्यासाठी यांनी (माझ्या पतींनी) तो घेतला. छावणीच्या कडेला भिमाबाईंचे पारधी कुटुंब उतरले होते. गुरे झाली की हे तिकडे वळत. पुढे धारूरच्या डोंगरात त्यांच्या वस्तीवर आम्ही वर्षानुवर्षे गेलो. बाया यांच्याशी बोलत नसत, म्हणून माइक मी धरी. कॅमेरा त्या वस्तीला द्यावा. आता त्यांचे त्यांनी काढावे.

३. एक्केचाळीस कॅसेटी ज्यांच्या घरी काढल्या, त्यांना. नावे डब्यांवर आहेत. शहादेव म्हणाले, "वहिनी, मोबाईलवर टाकतो, दादाचं नाव व्हईल." मी म्हटले, "चेहरे त्यांचे आहेत."

४. "गुरे, छावणी, क्र. ७" ही कॅसेट. तीत गुरे नाहीत. त्या दिवशी भिमाबाईंनी देवीचे गाठोडे सोडले. ते परक्याने पाहायचे नसते. त्या म्हणाल्या, "बाई, बंद कर म्हनावं त्येला." यांनी बटण दाबले, पण कॅमेरा चालूच राहिला. लोक लाल दिव्याकडे बघत बसतात म्हणून यांनी त्यावर चिकटपट्टी लावलेली असे, त्यामुळे कोणालाच कळले नाही. घरी आल्यावर हे म्हणाले, पुसतो. मी जाऊन भिमाबाईंना सांगितले, पुसले.

"खरंच न्हवं?"

"खरंच."

"मग बरं. तुजा नवरा भला हाय, पर त्याच्या डब्याला डोळा लई."

डिसेंबरानंतर कपाट आवरताना कॅसेट सापडली. हे नेहमी कॅमेऱ्यामागे, म्हणून इतर कोठेही यांचा आवाज नाही. या एकीत शेवटी म्हणतात, "कौशल्या, चल, ऊन झालं." आवाज वेगळा काढता येत नाही, त्यामागे देवीची गाणी आहेत. मी अनेकदा ऐकली. म्हणून: ही कॅसेट माझ्या मृत्यूनंतर भिमाबाईंना द्यावी.

(कलम ४ मधील शेवटचे वाक्य साक्षीदारांसमक्ष रद्द. कौ. भ. ओव्हाळ)

माणिकरावांनी वाचून विचारले, "बाई, भिमाबाई तुमच्याहून थोरली हाय. तुमी जाईस्तोवर ती ऱ्हाईल का?"

केशरबाई म्हणाल्या, "गप बसा की वं."

ते बरोबर बोलले. खोटे मी बोलले होते, ते माझ्याच तोंडाने मोडले पाहिजे. कॅसेट उद्या सकाळच्या एसटीने मी स्वतः धारूरकडे नेते. त्या काय म्हणतील ते ऐकून घेईन.

याखेरीज माझे कोणाकडे काही मागणे नाही.

सही: कौशल्या भगवानराव ओव्हाळ
साक्षीदार: १. माणिकराव २. केशरबाई (अंगठा)
चकलांबा, वर लिहिलेल्या तारखेस

साक्षीदार सहाला गेले. आज कॅसेट ऐकायला मशीन लावले नाही. पीठ चाळले, उद्याच्या वाटेसाठी दोन भाकरी थापल्या आणि फडक्यात बांधून ठेवल्या.