कोऱ्या लेबलांवरची सही

सोमवार, ३ नोव्हेंबर

नवीन ठाणं, नवीन काम! मी, शीतलबाई, आजपासून मुद्देमाल कारकून. पकडलेला माल कोठीत सांभाळायचा, वहीत चढवायचा, कोर्टाने मागितला की घेऊन जायचा. बंदोबस्तात उभं राहून पायांची पार वाट लागली होती, त्यापुढे हे झकासच. मरोळच्या आमच्या घरापासून रिक्षाने वीस मिनिटं. आईने डब्यात दिलेल्या कोथिंबीर वड्या काशीराम हवालदारांनी एकट्याने संपवल्या. त्यांच्याकडूनच चार्ज घेतेय, महिनाअखेरीस ते रिटायर होतात. माणूस गोड. सगळं नीट समजावलं. ड्रग्जचं पाकीट पंचांसमोर वजन करून बंद करायचं, लाखेचं सील लावायचं. लेबलावर आरोपीचं नाव, तारीख, वजन, माल कुठे सापडला ती जागा, आणि खाली माल ताब्यात घेणाऱ्याची, म्हणजे माझी सही. यातलं एक चुकलं तरी कोर्टात केस आडवी.

निघताना त्यांनी दहा कोरी लेबलं पुढे केली. म्हणाले, कारवाई कधीही होते, तेव्हा तुला कुठं शोधत बसू, आताच सह्या करून ठेव. मीही अशाच केल्या होत्या, म्हणाले. पहिल्याच दिवशी नाही कसं म्हणायचं? करून टाकल्या. घरी आले तर सम्यक पेढे घेऊन उभा. माझ्या नोकरीचे नाहीत, त्याच्या! फार्मसी झालेल्या माझ्या धाकट्या भावाला इथल्याच एका लॅबने घेतलं, सतरा तारखेपासून रुजू.

बुधवार, ५ नोव्हेंबर

कोठी झाडताना मधल्या फळीवर एक पाकीट दिसलं. वहीत नोंद नाही. किल्ली परवापासून माझ्याच कमरेला. लेबलावर माझी सही. आरोपी कृणाल, राहणार गोराई. एमडी ड्रग, चोपन्न ग्रॅम. तारीख ७ नोव्हेंबर. अहो, आज पाच तारीख आहे! कुणीतरी झोपेत लिहिलेलं दिसतंय. काशीरामना विचारलं तर म्हणाले, असेल. सीलची लाख कोमट लागली हाताला. पंखा बंद होता, त्यामुळे असेल.

शुक्रवार, ७ नोव्हेंबर

इन्स्पेक्टर साहेबांनी सकाळी एकाला आणलं. गोराईचा. कृणाल. चोपन्न ग्रॅम. साहेबांनी पंचनामा हातात दिला आणि म्हणाले, माल तुझ्याकडे आहेच. मी सांगितलं, ते पाकीट परवापासून फळीवर पडलंय. त्यांनी वर पाहिलंसुद्धा नाही.

"सही तुझीच आहे ना? मग झालं तर."

बाहेर बाकावर कृणालची आई बसली होती, मासे विकणारी बाई, टोपली तशीच बाजूला. मला विचारत होती, माझ्या पोराकडे खरंच सापडलं का गं. एमडी पन्नास ग्रॅमच्या वर म्हणजे कमीत कमी दहा वर्षं, जामीनही मुश्कील. खरं सांगायचं तर कोऱ्या लेबलांचंही सांगावं लागणार, आणि माझी नोकरी जाणार. मी म्हटलं, मला माहीत नाही. शरम वाटते स्वतःची.

सोमवार, १० नोव्हेंबर

आणखी चार पाकिटं. चार नावं, चारही पुढच्या तारखा, खाली माझी सही. ड्रॉवरमध्ये पाच कोरी उरली होती. फाडली, संडासात टाकली, तीनदा पाणी ओतलं. कटकट गेली एकदाची.

बुधवार, १२ नोव्हेंबर

चौघांतले दोघे आत आले. लेबलावरच्याच तारखांना.

फळीवर आणखी तीन पाकिटं. त्यांची लेबलं तुकडे जोडून केलेली. ओली आहेत.

काशीरामना कोठीत ओढत नेलं, दाखवलं. ते म्हणाले, "बारा वर्षांपूर्वी मीही कोऱ्या सह्या केल्या. शेवटचं लेबल माझ्या थोरल्याचं निघालं." तो अजून आत आहे. मी विचारलं, मग मला का करायला लावल्यात? ते रडायलाच लागले. नवीन माणसाने सह्या केल्या की आपलं पोरगं सुटेल, असं वाटलं होतं त्यांना. सुटलं तर नाहीच.

शुक्रवार, १४ नोव्हेंबर

नववं आलं. मुलुंडचा कुणीतरी. डबा तसाच परत आणला. आई विचारते काय झालं. काय सांगू? आता एकच लेबल उरलं—

शनिवार, १५ नोव्हेंबर

सम्यक. पत्ता आमचा. बासष्ट ग्रॅम. तारीख उद्याची. माल कुठे सापडला त्या ओळीवर लाखेचा थेंब पडलाय, वाचता येत नाही.

माझा सम्यक. साधी सुपारी खात नाही तो.

साहेबांच्या दारापर्यंत गेले. सगळं सांगून टाकायचं, कृणालचंही. पण दार ढकललं नाही. पाकीटच नसेल तर केस कशाची? पर्समध्ये टाकलं आणि निघाले. उद्या गोराईच्या बोटीतून खाडीत. पर्स बाहेरून कोमट लागतेय—

रविवार, १६ नोव्हेंबर

सकाळचे नऊ. निघतच होते. खाली जीप. साहेब, मागे दोन पंच.

जिना चढतायत. पर्स आधी बघतील— ओट्याखाली तांदळाचा डबा, त्यात तळाशी खुपसलं—

खुपसताना लाखेचा थेंब सुटून नखात आला. ओळ दिसली. माझंच अक्षर. स्वयंपाकघर, ओट्याखाली, तांदळाच्या डब्यातून—

हात घालून शोधतेय. लागत नाही. तांदूळ गरम झालेत—

लिहून ठेवते. पाकीट मी आणलं. मी. सम्यकचा काही— कृणालचाही नव्हता, त्याच्या आईला कुणीतरी—

बेल. सम्यक बाथरूममधून निघाला. म्हणतोय, तू बस तायडे, मी उघडतो दा—